पाइपच्या वरचं पाणी

१

आमच्या वस्तीत नळाच्या पाइपांखेरीज आणखी एका जातीचे पाइप आहेत. रस्त्याच्या कडेला, बागेच्या कोपऱ्यात, कुणाच्या मागच्या अंगणात ते गुडघ्याएवढे उभे असतात. डोक्यावर टोपण, टोपणाला कुलूप. मुलं त्यांच्यावर बसतात, कुत्री त्यांच्याशी कुत्र्यांसारखी वागतात, आणि दर आठवड्याला मी येऊन कुलूप काढतो आणि आत टेप सोडतो. टेपच्या टोकाला पेनाएवढी धातूची कांडी असते. ती पाण्याला लागली की माझ्या हातातल्या चाकात 'टीं' असा आवाज होतो. ऑफिसात त्या यंत्राला सगळे पिपाणी म्हणतात. आवाज झाला की पाइपच्या काठाशी टेपवरचा आकडा वाचायचा, त्यातून पाइपची जमिनीवरची उंची वजा करायची, की जमिनीखाली पाणी किती खोल आहे ते कळतं. एवढंच काम. शेंबडं पोरही करील असं.

वस्ती जिथं आहे तिथं आधी दगडाची खाण होती, आणि खाणीच्या आधी डोंगर होता. डोंगर फोडून गावाची घरं झाली, रस्ते झाले, पूल झाले. डोंगर संपला तेव्हा खाली खणत गेले. खड्ड्यात पाणी यायचं ते पंप लावून वर्षानुवर्षं उपसलं. पुढं दगड काढणं परवडेना, पंप बंद केले, खड्ड्यात गावभरचा राडारोडा भरला, वर माती दाबली आणि त्यावर वस्ती उठली. पंप थांबले तसं पाणी परत आपल्या जुन्या पातळीकडे निघालं. ते कुठवर येतंय यावर लक्ष ठेवायचं, म्हणून पाइप, म्हणून ऑफिस, म्हणून मी.

मी वस्तीतच राहतो, ताईकडे. तळमजल्यावर मागच्या बाजूला सामानाची खोली होती, ती तिनं मला रिकामी करून दिली. त्या दिवशी सकाळी मी सगळे पाइप उरकून शेवटचा, ताईच्याच मागच्या अंगणातला, उघडला. टेप आत सोडायला हात पुढं केला. कांडी अजून पाइपच्या तोंडाच्या वर हवेत लोंबत होती, आणि तेवढ्यात ती वाजली.

२

आधी मी हसलो. कांडीला दव लागलं असेल. शर्टाला पुसली, फुंकर मारली, परत सोडली. टीं. बॅटरी काढून घातली. टीं. वर उचलली की गप्प, खाली आणली की टीं, आणि गप्प आणि टीं यांच्यामधली जागा दर वेळी तीच. पाइपच्या तोंडापासून वीतभर वर. तिथं काहीही नव्हतं. त्या जागेतून पलीकडे दोरीवर वाळत घातलेली भाऊजींची बनियन दिसत होती, इतकी ती जागा रिकामी होती.

कांडी घेऊन मी अंगणभर हिंडलो. दोरीखाली, मोरीपाशी, पायरीजवळ. सगळीकडे एकाच उंचीला वाजली, माझ्या गुडघ्याच्या थोडी वर. मग मी त्या उंचीच्या खाली हात घातला आणि बराच वेळ तसाच ठेवला. हात ओला झाला नाही. गार लागलं, पण सकाळी गार लागतंच.

यंत्र बिघडलंय. शहाण्या माणसानं असंच म्हणायला हवं आणि मी तेच म्हटलं. पण शहाणा माणूस ऑफिसात जाऊन तसं सांगतोसुद्धा. मी सांगितलं नाही. त्या पाइपचा मागच्या वेळचाच आकडा पुन्हा कळवला, हात धुतले आणि मुकाट्यानं जेवायला बसलो. का, ते सांगायला मला लाज वाटते, पण वस्तीतलं कुठलंही पोर तुम्हांला ते हसत हसत सांगेल. तेव्हा मीच सांगतो.

३

वस्तीच्या खालच्या अंगाचे पाइप पूर्वी छातीएवढे उंच होते, कारण तिथं अजून भराव पडायचा होता. एकदा तिथली मापं घेताना पाइपची उंची मी जागेवरच वजा केली, आणि ऑफिसात बसून हिशेब मांडताना परत एकदा वजा केली. कागदावर पाणी एकदम छातीभर वर आलं, थेट घरांच्या पायाशी. मी धावत सुटलो. आमचे साहेब नेमके परगावी होते. भाऊजींनी माझ्यावर विश्वास ठेवला आणि दारोदार फिरून, हातापाया पडून, खालची सगळी आळी रिकामी करवली. माणसं कपाटं उचलून शाळेत राहायला गेली. एका म्हातारीला खाटेसकट उचलून नेलं. ती नेणाऱ्यांना सारखी विचारत होती, "अरे, पण पाणी कुठाय?" साहेब आले, त्यांनी कागद बघितला आणि पेन्सिलीनं माझी एक वजाबाकी खोडली. झालं.

त्या दिवसापासून माझं नाव दोनदा. "काय दोनदा, जेवलास का? किती वेळा?" न्हावी कात्री धरून विचारतो, "एकदाच कापू ना?" त्याला वाटतं हा विनोद आपल्यालाच सुचलाय. ऑफिसानं मला घरी बसवलं. मग भाऊजींनी साहेबांचे उंबरे झिजवून मला परत चिकटवलं, कच्च्या नोकरीवर. त्यांचं फरशीचं दुकान आहे. गिऱ्हाईक त्यांना विचारतं, "मापं तुमच्या मेहुण्यानं घेतली नाहीत ना?" भाऊजी त्याच्याबरोबर हसतात आणि फरशी दाखवतात. मला ते एका शब्दानं बोलले नाहीत. बोलले असते तर फार बरं झालं असतं. न बोलणाऱ्या माणसाच्या घरी जेवताना घास तोंडातल्या तोंडात फिरतो.

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं आपण लाज वाटली की सहज म्हणतो. मला तर धरणीच्या पोटात काय काय भरलंय ते ठाऊक होतं, तरी मी ते रोज म्हणत होतो. दुधानं तोंड पोळलेला माणूस ताकही फुंकून पितो. मी ताक पिणंच सोडलं होतं.

४

पुढच्या खेपेला मी ऑफिसातून दुसरी पिपाणी मागून घेतली. ऑफिसच्या मोरीतल्या बादलीत बुडवली, वाजली. बाहेर काढली, गप्प. जिन्यात, व्हरांड्यात, साहेबांच्या दारात, कुठंही गप्प. निरोगी यंत्र. ते घेऊन मी वस्तीत आलो.

वस्ती उतारावर आहे. वरच्या टोकाला दूधवाल्याचं दुकान, खालच्या टोकाला सभेचा हॉल. दुकानापाशी मी कुणाचं लक्ष नाही असं बघून टेप सोडली. कांडी माझ्या घोट्याशी वाजली. थोडा उतरलो, तर पोटरीला. ताईच्या घरासमोर मांडीला. हॉलपाशी कमरेच्याही वर. मी परत वर गेलो आणि परत उतरलो, कारण एकदा मोजून माझ्यावर कोण विश्वास ठेवणार, मी तर नाहीच. आकडे तेच आले.

"काय दोनदा," दुकानाच्या पायरीवर बसलेला दूधवाला म्हणाला, "रस्त्यात मासे धरतोस का?"

"यंत्र तपासतोय."

"तपास, तपास. लागला एखादा तर आम्हांला सांग. की आम्ही आधीच शाळेत जाऊन बसू?"

पायरीवरचे सगळे हसले, आणि मीही हसलो. ती मला लागलेली सवय आहे. कान मात्र तापले.

यंत्र बिघडलं तर ते कसंही बिघडतं. कधी वाजतं, कधी वाजत नाही, कधी उगाच किंचाळत राहतं. पण जमीन खाली उतरत असताना ते नेमकं तेवढंच वर वाजत राहिलं होतं. म्हणजे दुकानापासून हॉलपर्यंत एकच सपाट पातळी होती. सपाट काय असतं, हे माझ्या धंद्यातल्या माणसाला कुणी शिकवावं लागत नाही. मी टेप गुंडाळली. घरी येऊन अंगणात मोजलं. पहिल्या दिवशी कांडी गुडघ्याच्या जरा वर वाजली होती. आता तिथंही मांडी गाठली होती.

५

भिंगरी ही ताईची मुलगी. तिचं खरं नाव हाकेला उपयोगाचं नाही, कारण ते पुरं म्हणेपर्यंत ती पुढच्या खोलीत पोचलेली असते. बालवर्गात जाते. घराच्या मधोमध हात पसरून गरगर फिरायचं, भोवळ येऊन पडायचं आणि पडल्या पडल्या हसायचं, हा तिचा मुख्य धंदा. मला दोनदा न म्हणणारं वस्तीतलं ते एकमेव पोर.

त्या दुपारी मी बाहेरच्या खोलीत चहा घेत होतो. भिंगरी खोलीच्या मधोमध हात पसरून, माझ्याकडे तोंड करून उभी होती. काहीतरी खेळ असेल म्हणून मी लक्ष दिलं नाही. चहा संपला, कप ठेवला, वर बघितलं. भिंगरी तशीच हात पसरून उभी होती, पण तोंड खिडकीकडे होतं. मी बघत राहिलो. तिचं नाक हळूच खिडकीच्या गजांवरून सरकलं, मग भिंतीवर आलं, मग कॅलेंडरकडे निघालं. ती गिरकी घेत होती.

"ताई," मी हाक मारली. आवाज माझा मलाच चोरट्यासारखा वाटला. "हिला बरं नाही का?"

ताई कपडे घडी करत दारात आली. "बरं नसायला काय झालं? बघ ना, किती शहाणी झालीय. बाई म्हणाल्या, वर्गात आता सगळ्यात शांत हीच. नाहीतर आधी, बाप रे, डोकं उठवायची." तिनं लेकीकडे कौतुकानं पाहिलं. मला कबूल केलं पाहिजे, दुपारी झोप लागायला लागली म्हणून मलाही आठवडाभर बरंच वाटत होतं.

ताई आत गेल्यावर मी भिंगरीपुढं गुडघे टेकून बसलो. डोकं तिच्या डोक्याच्या पातळीला आलं आणि पंख्याचा आवाज बंद झाला. पंखा फिरत होता, आवाज नव्हता. कान भरल्यासारखे झाले. तिचे केस खांद्यांवर टेकलेले नव्हते, किंचित उचललेले होते आणि तिच्या मागून सावकाश येत होते. मी तिचा हात हातात घेतला. बोटांची टोकं सुरकुतली होती, जास्त वेळ न्हाणीघरात खेळलेल्या मुलाची सुरकुततात तशी. हात कोरडा होता.

"भिंगरे," मी म्हटलं, "पाय दुखतात का गं?"

तिची नजर माझ्याकडे यायला वेळ लागला. "मामा," ती म्हणाली, "तू किती भरभर बोलतोस."

त्या शब्दांच्या खाली आणखी एक आवाज होता. फार खालून, फरशीच्या पलीकडून येणारा. कुणीतरी जड दगड दगडावर ठेवतंय, नीट बसतोय का बघतंय, आणि मग पुढचा उचलतंय. मी तो ऐकत राहिलो. पुढचा दगड बसेपर्यंत थांबावं असं वाटत होतं.

"अरे, केव्हाचा बसलायस तिथं?" ताईचा आवाज वरून कुठूनतरी आला. मी धडपडून उठलो. पंखा घरघरायला लागला. खिडकीतलं ऊन गेलं होतं, भाऊजी दुकानातून येऊन कपडे बदलून बसले होते आणि माझ्याकडे बघत होते. "मेहुणे, भाचीची पूजा झाली असेल तर जेवायला चला," ते म्हणाले. मी खाली मान घालून पाटावर जाऊन बसलो.

६

साहेबांशी बोलायचं ठरवून मी त्यांच्या खोलीत गेलो. ते संत्रं सोलत होते. माणूस वाईट नाही. माझी वजाबाकी खोडली तेव्हाही हसले नव्हते, आणि तेच मला अजून झोंबतं.

"साहेब, पाणी जुन्या पातळीला येतंय म्हणतो आपण. जुनी म्हणजे कुठली?"

"खाण लागायच्या आधीची."

"पण तेव्हा तिथं डोंगर होता. डोंगराच्या पोटातलं पाणी डोंगराबरोबर वर चढलेलं असणार."

"असणारच."

"म्हणजे आताच्या घरांच्या छपरांच्याही वर."

साहेबांनी संत्र्याची फोड तोंडात टाकली. "अरे, पण डोंगर कुठाय आता? पाण्याला उभं राहायला काहीतरी लागतं की नाही? जमिनीपर्यंत येईल, आणि गटारातून जाईल वाहून." मग सोलता सोलता थांबून त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "काही दिसलं का मापात?"

हीच वेळ होती. मला सांगायचं होतं की पाणी जमिनीच्या वर आलंय, तरी कुणाचे पाय ओले होत नाहीत. आणि विचारायचं होतं की पाणी आपल्या जुन्या जागी आलं, तर त्याला ज्यानं उभं धरलं होतं तो डोंगर येणारच नाही असं कशावरून. ही वाक्यं मी मनात जुळवली. मग ती साहेबांच्या कानांनी ऐकली.

"नाही साहेब. पाइपांत पाणी खालीच आहे."

ते खरं की खोटं, हे मलाही सांगता आलं नसतं. पाइपच्या आत टेप सोडली की ती आपली वाजतच राहायची, कुठं लागलं ते कळायचंच नाही. जुनेच आकडे मी थोडे इकडेतिकडे करून देत होतो.

"छान," साहेब म्हणाले. "रविवारी वस्तीची सभा आहे. लोकांना पाण्याबद्दल ऐकायचंय. मी जाणार होतो, पण तूच जा. उभा राहा आणि सांग, पाणी खाली आहे, काळजी नको. ज्या लोकांपुढं नाव गेलं त्यांच्यापुढंच ते परत मिळवावं. मग तुझ्या पक्क्या नोकरीचं बघू." मी त्यांचे आभार मानले. दारातून बाहेर पडताना मला माझाच इतका राग आला की दार जोरात लावावंसं वाटलं, पण ते मी हळूच लावलं.

७

शनिवारी संध्याकाळी ताई ओट्यापाशी भाजी चिरत होती. आता पाणी तिच्या छातीशी आलं होतं. मला त्यासाठी पिपाणी लागत नव्हती. तिच्या ओढणीचं टोक कुठपासून हलकं होतं ते बघितलं की कळायचं. तिच्या हातून चमचा निसटला. मी तो पडताना पाहिला. ओट्याच्या काठावरून तो निघाला आणि अगदी सावकाश, डोलत डोलत, फरशीवर जाऊन टेकला. ताईनं खाली वाकून तो उचलला आणि काहीच झालं नसल्यासारखा धुतला.

भिंगरी ओट्याखाली बसली होती. किती वेळ, कुणास ठाऊक.

"ताई," मी म्हटलं, "भिंगरीला थोडे दिवस तिच्या आत्याकडे पाठव ना."

भिंगरीची आत्या, म्हणजे भाऊजींची बहीण, गावाच्या पलीकडच्या टेकडीवर राहते. मी हे अगदी सहज, पिशवी आणायला सांगावी तसं म्हटलं. पण ताईचा सुरीचा हात थांबला. तिनं माझ्याकडे पाहिलं. लहानपणी मी काहीतरी फोडून आलो की आईच्या आधी तिला कळायचं, तसं तिला कळलं.

"का?"

मी ओट्याखालच्या भिंगरीकडे पाहिलं.

"अरे, परत नको रे," ती म्हणाली. ओरडली असती तर मी भांडलो असतो. ती फक्त म्हणाली. "हात जोडते तुला. त्यांनी तुझ्यासाठी काय काय ऐकून घेतलंय ते तुला माहीत नाही. उद्या एक दिवस नीट जाऊ दे. एकच दिवस."

तेवढ्यात भाऊजी आले. हातात नवा शर्ट होता. "मेहुणे, उद्यासाठी. आणि जरा ताठ उभे राहा. दुकानातली चार माणसं मुद्दाम बोलावलीत मी. त्यांनाही दिसू दे आमच्या घरात कोण राहतं ते." त्यांनी शर्ट माझ्या छातीला लावून बघितला, माप बरोबर आहे का म्हणून. हसले. त्या हसण्यात कसलाही टोमणा नव्हता, आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"काय बोलत होतात तुम्ही दोघं?" त्यांनी विचारलं.

"काही नाही," मी म्हटलं. ताईनं सुटकेचा श्वास टाकला आणि पुन्हा चिरायला लागली.

८

सभा सकाळी होती. हॉल वस्तीच्या तळाला. दारातून आत शिरलो तेव्हा ते माझ्या डोक्यावरून गेलं. आवाज बुजले. बहुतेक खुर्च्या भरल्या होत्या. माणसं माझ्याकडे माना वळवत होती, आणि त्या माना वळून पोचायला वेळ लागत होता. लाजेलाही तिथं घाई नव्हती. प्रत्येक नजर अंगावर आली की हलायचीच नाही. मी मधल्या वाटेनं चालत राहिलो. व्यासपीठ चांगलं उंच आहे. पायऱ्या चढलो, तसं डोकं बाहेर आलं, आणि खिडकीबाहेरचे पक्षी एकदम ऐकू यायला लागले.

अध्यक्षांनी माझी ओळख करून दिली. ते माझ्या शेजारी उभे होते, पण बुटके असल्यामुळे अर्धं वाक्य वर आणि अर्धं खाली गेलं. मग मी माइकपाशी उभा राहिलो आणि खाली पाहिलं.

वरून पाहिल्यावर ते मला पहिल्यांदा दिसलं. भिंतीवर, चारी बाजूंना, एक रेघ. रेघेच्या खाली सगळे रंग थोडे विटल्यासारखे. बायकांचे केस उचललेले. एका म्हाताऱ्याचा चष्मा नाकापासून सुटून समोर तरंगत होता आणि तो त्यातूनच माझ्याकडे बघत होता. आणि त्याच्याही खाली, खुर्च्यांच्या पायांशी, करडं काहीतरी दाट होत होतं. ते फरशी नव्हतं. त्याला पैलू होते, ओल्या दगडाला असतात तसे. लोकांचे पाय त्यात होते. कुणाचा पाय कुठं संपतो आणि ते कुठं सुरू होतं, हे मी शोधायला लागलो, आणि पहिल्या ओळीतल्या भिंगरीपाशी येऊन मी शोधणं सोडून दिलं. लहान मुलांचे पाय खुर्चीवर बसलं की खाली पोचत नाहीत. करडं तिच्या पायांपर्यंत वर आलं होतं.

मी तोंड उघडलं. उठा, म्हणणार होतो. सगळं टाका आणि उठा, वर चला, दुकानाच्याही वर, पळा. शब्द जिभेवर आले होते, खोटं कशाला सांगू.

मागच्या ओळीतून कुणीतरी, फार सावकाश, म्हणालं, "काय... दोनदा..."

हसू एका ओळीतून दुसऱ्या ओळीत यायला लागलं. मी ते येताना बघत होतो. तोंडं एकामागून एक उघडत होती. भाऊजी हसत नव्हते. ते ताठ बसून, मला ताठ उभं राहायला सांगत होते, डोळ्यांनी. ताईनं दोन्ही हात मांडीवर घट्ट धरले होते.

"पाणी खाली आहे," मी म्हटलं. "काळजीचं काही कारण नाही. मी स्वतः मोजलंय."

हसू विरलं. टाळ्या पडल्या. हात आधी मिटले आणि आवाज मागाहून, एकेक करून, वर आला. ताईच्या चेहऱ्यावर काय आनंद होता. मला माझ्या लग्नातसुद्धा कुणी तशा आनंदानं बघणार नाही. अंगावर कुणी शेण फेकलं असतं तरी इतकं घाण वाटलं नसतं.

व्यासपीठावरून उतरलो तो एक गोष्ट ठरवून. लोकांना नाही तर नाही. भिंगरीला उचलायचं आणि चालायला लागायचं, आत्याच्या टेकडीपर्यंत थांबायचं नाही. मामानं भाचीला कडेवर घेतलं तर कोण काय म्हणणार आहे? पक्षी बंद झाले. मी पहिल्या ओळीपाशी गेलो, वाकलो, तिच्या काखांत हात घातले.

ती उचलली गेली नाही. मूल अंग जड करतं तसं ते नव्हतं. घराची पायरी उचलायला जावं तसं होतं. मी पाय रोवून परत जोर लावला. तिचा फ्रॉक माझ्या हातात गोळा झाला, ती हलली नाही. तिचे डोळे माझ्याकडे यायला निघाले होते. ओठ 'मा' म्हणायला मिटत होते.

"मेहुणे," भाऊजी म्हणाले, "काय झालं?"

"राहू दे रे," ताई म्हणाली. "किती छान बसलीय."

माझ्या मागं सगळा हॉल होता. खुर्च्या करकरल्या, माना वळल्या. तिथं माणसं बघायला लागली की बराच वेळ बघतात. एवढ्या लोकांसमोर नवा शर्ट घालून मी एका लहान मुलीशी झोंबत होतो, आणि कुणाच्या तरी तोंडात पुन्हा ते नाव तयार होत होतं. मी हात काढून घेतले. तिचा फ्रॉक नीट केला. मग शेजारच्या रिकाम्या खुर्चीवर, इतरांसारखा, तिच्या बाजूला बसलो.